‘ऊन’ आणि ‘घेऊन’ : पूर्ण शब्दाच्या शोधाविषयी

मराठीच्या प्रबंधांत अलीकडे एक नवे वाक्य रुळले आहे. ‘प्रस्तुत कादंबरीत हा शब्द एकूण इतक्या वेळा आला आहे’, किंवा त्याहून धीट, ‘या कवीच्या समग्र कवितेत हा शब्द एकदाही येत नाही’. पूर्वी असे विधान करू पाहणारा अभ्यासक पुस्तक दोनतीनदा वाचून काढी, समासात खुणा करी, चिठ्ठ्या लावी आणि तरीही ‘बहुधा’ हा शब्द घालूनच लिही. आता संहिता संगणकावर असली की टेक्स्ट एडिटरची शोधपेटी उघडायची, शब्द टंकायचा, ‘पूर्ण शब्द’ या चौकटीत खूण करायची आणि खाली आलेला आकडा उतरवून घ्यायचा. ‘बहुधा’ गळून पडले आहे.

या सोयीला आमचा विरोध नाही. आम्हीही ती रोज वापरतो, आणि विद्यार्थ्यांनी वापरावी असे सांगतो. आमचा आक्षेप त्या आकड्यावर टाकल्या जाणाऱ्या विश्वासावर आहे, आणि त्यातही त्या चौकटीवरील ‘पूर्ण’ या विशेषणावर आहे. मराठीत पूर्ण शब्द कोणता, हा व्याकरणाचा प्रश्न आहे. तो एडिटरने आपल्यासाठी आधीच सोडवलेला असतो आणि कसा सोडवला हे तो सांगत नाही. ते विचारणे हे साहित्याच्या अभ्यासकाचे काम आहे, असे आमचे म्हणणे आहे.

एक उदाहरण घेऊन बोलू. समजा, एखाद्या कादंबरीतील उन्हाचा अभ्यास करायचा आहे. विषय क्षुल्लक नाही. मराठी कथनात ऊन पुष्कळ कामे करते. ते वेळ सांगते, ऋतू सांगते, पात्राचे कष्ट सांगते, कधी नुसते ओसरीवर पडून राहते. तर शोधपेटीत ‘ऊन’ हा शब्द टंकावा, आणि प्रथम ‘पूर्ण शब्द’ची खूण करू नये. एडिटर पहिल्याच पानावर ‘घेऊन’पाशी थांबतो. पुढे ‘येऊन’, ‘जाऊन’, ‘देऊन’, ‘होऊन’, ‘पिऊन’. स्वरान्त धातूंना ‘ऊन’ प्रत्यय लागून होणारी ही रूपे कोणत्याही मराठी गद्यात पावलोपावली असतात. ‘करून’, ‘बसून’ मात्र या जाळ्यात येत नाहीत, कारण तेथे तोच प्रत्यय मात्रेच्या रूपाने व्यंजनाला चिकटलेला आहे. एवढ्या गर्दीत खरे ऊन शोधणे अशक्यप्राय होते. म्हणून अभ्यासक ‘पूर्ण शब्द’वर खूण करतो. त्याचे तसे करणे अगदी योग्य आहे.

आता काय सापडते? ‘ऊन पडले’, ‘कोवळे ऊन’, ‘ऊन उतरले’ ही रूपे सापडतात. त्यांच्याबरोबर ‘ऊन ऊन भात’ही येतो, तो उन्हाचा नव्हे, हे वाचणाऱ्याला कळते, मोजणाऱ्या यंत्राला नाही. पण ‘उन्हात’, ‘उन्हाने’, ‘उन्हाचा’, ‘उन्हातून’, ‘उन्हातान्हात’, ‘उन्हे’ यांपैकी एकही सापडत नाही. मराठी माणसे पुस्तकांत आणि बाहेरही बहुतेक वेळा उन्हात उभी असतात, उन्हातून चालतात, उन्हाने करपतात. त्या शोधाला दिसले ते स्वतःहून पडणारे आणि उतरणारे ऊन. माणसाच्या अंगावर आलेले ऊन गळून गेले.

ही गळती येथेतेथे होणारी, यदृच्छेने घडणारी गळती नाही. दहातले तीन शब्द कोठूनही सुटले असते तर आकडा लहान झाला असता, पण चित्राचा तोल फारसा बिघडला नसता. येथे सुटते ते नेमके विभक्तीचे प्रत्यय लागलेले. नाम जेव्हा साधन होते, स्थान होते, कोणाच्या मालकीचे होते, तेव्हा ते शोधाला दिसेनासे होते. ‘मूल’ हा शब्द असाच शोधला तर ‘मूल रडले’ मिळेल. ‘मुलाला मारले’ मिळणार नाही. इतकेच नव्हे, मराठीत भूतकाळी सकर्मक क्रियापदाचा कर्ताही ‘ने’ घेतो, त्यामुळे ‘मुलाने सांगितले’ हेही मिळणार नाही. अशा आकड्यावरून कोणी एखाद्या लेखकाच्या कादंबऱ्यांत मूल काय करते आणि मुलाला काय केले जाते याविषयी निष्कर्ष काढला, तर तो निष्कर्ष लेखकाविषयी नसून मराठीच्या विभक्तिप्रक्रियेविषयी असेल.

हे झाले एडिटर मात्रा-वेलांट्यांना नीट ओळखतो असे गृहीत धरून. प्रत्यक्षात तेही गृहीत धरता येत नाही. कोणत्या साधनाला ‘शब्द’ म्हणजे काय शिकवले आहे त्यावर उत्तर बदलते. जावास्क्रिप्टमध्ये शब्दाची सीमा ठरवताना इंग्रजी अक्षरे, अंक आणि अधोरेषा, म्हणजे अंडरस्कोर, एवढेच शब्दाचे घटक मानले जातात. त्या हिशेबाने देवनागरीतील एकही अक्षर शब्दाचा भाग नाही. म्हणून दोन्ही बाजूंना सीमा घालून ‘ऊन’ शोधले तर मराठी मजकुरात काहीच सापडत नाही. पायथनच्या अंगभूत शोधसंचात देवनागरी स्वर-व्यंजने शब्दाचे घटक मानली जातात, पण मात्रा आणि हलन्ताची खूण मानली जात नाही. परिणामी ‘मराठी’ या शब्दाचे ‘मर’ आणि ‘ठ’ असे दोन तुकडे पडतात, मात्रा वाऱ्यावर सोडल्या जातात. आणि ‘घेऊन’मध्ये ‘घ’ला लागलेली मात्रा शब्दाबाहेरची ठरल्यामुळे तिच्या पुढचे ‘ऊन’ हा स्वतंत्र, पूर्ण शब्द ठरतो! ज्या गर्दीपासून सुटका व्हावी म्हणून सीमा घातली, तीच गर्दी ‘पूर्ण शब्द’ म्हणून परत येते. एकच कादंबरी, एकच शब्द; एका साधनाचे उत्तर शून्य, दुसऱ्याचे शेकड्यांत, तिसऱ्याचे फक्त प्रथमेपुरते. तिन्ही उत्तरे सारख्याच आत्मविश्वासाने पडद्यावर येतात.

हे असे का, याचे उत्तर या साधनांच्या जन्मकथेत आहे. मजकुरात शोध घेणारी ‘ग्रेप’ ही आज्ञा केन थॉम्पसन यांनी १९७३ साली युनिक्स प्रणालीसाठी लिहिली. आज प्रचलित असलेल्या ग्रेपमध्ये पूर्ण शब्द शोधण्याची जी सोय आहे, तिच्या माहितीपत्रकात शब्दाचे घटक म्हणून अक्षरे, अंक आणि अधोरेषा सांगितलेली आहेत. ज्या शब्दात अधोरेषा असते असा शब्द कोणत्या भाषेतला? इंग्रजीतलाही नव्हे. तो प्रोग्रामच्या भाषेतला, चलाला दिलेल्या नावातला. शोधपेटीतील ‘शब्द’ मुळात प्रोग्राम लिहिणाऱ्याच्या सोयीसाठी घडला. चलाच्या नावाला विभक्ती लागत नाही, त्याचे सामान्यरूप होत नाही, त्याचा संधी होत नाही. ते जसे लिहिले तसेच प्रत्येक ठिकाणी येते, नाही आले तर प्रोग्राम चालत नाही. अशा नावासाठी ‘पूर्ण शब्द’ ही कल्पना निर्दोष आहे. दोष त्या साधनाचा नाही. दोष असलाच तर ते साधन साहित्यकृतीपुढे ठेवताना कल्पना तपासून न घेणाऱ्यांचा आहे.

तांत्रिक भाग हळूहळू सुधारतो आहे. मात्रा आणि तत्सम चिन्हे शब्दाचेच घटक मानावीत असे यूनिकोडच्या नियमावलीत सांगितलेले आहे. शब्दसीमांचे सर्वसाधारण नियम प्रत्येक भाषेला पुरणार नाहीत, त्यांत भाषेनुसार फेरफार करावे लागतील, हेही तेथे नमूद आहे. पण मात्रांचा प्रश्न पूर्ण सुटला तरी सामान्यरूपाचा प्रश्न राहतोच. एमएस वर्डच्या विस्तृत शोधपेटीत ‘पूर्ण शब्द’च्या जवळच आणखी एक पर्याय असतो : शब्दाची सर्व रूपे शोधा. त्याच्या नावापुढे कंसात ‘इंग्रजी’ असे लिहिलेले असते. हा प्रामाणिकपणा आम्हांला आवडतो. त्या कंसाचा अर्थ असा, की रूपे शोधायची तर भाषेचे व्याकरण ठाऊक असावे लागते, आणि आम्हांला ते एका भाषेचे ठाऊक आहे.

येथे हिंदीशी तुलना उपयोगी पडेल, कारण लिपी तीच आहे. हिंदीत ‘घर में’, ‘घर का’, ‘पानी में’ असे प्रत्यय तुटक लिहितात. त्यामुळे ‘घर’ हा पूर्ण शब्द शोधला तर निदान एकवचनातली बहुतेक स्थळे हाती लागतात. मराठीत ‘घरात’, ‘घराचा’, ‘घरापाशी’ एकत्र लिहायचे. शब्दयोगी अव्ययांना शब्दयोगी म्हणतात ते उगाच नव्हे. शिवाय प्रत्यय लागण्यापूर्वी मूळ शब्दच बदलतो. पाणी–पाण्यात, माणूस–माणसाने, भाऊ–भावाचा, देऊळ–देवळात. ‘देऊळ’ आणि ‘देवळात’ यांत आरंभीचा ‘दे’ सोडला तर पुढचा वर्ण जुळत नाही. ‘मूल’ आणि ‘मुलाला’ यांत ‘म’पाशीच वाटा फुटतात. आणि ‘ऊन’ व ‘उन्हात’ यांचा तर पहिला वर्णही वेगळा. म्हणजे ‘पूर्ण शब्द’ची खूण काढून टाकली तरी ‘ऊन’ टंकणाऱ्याला ‘उन्हात’ कधीच मिळणार नाही. उलट ‘मुल’ एवढाच तुकडा टंकावा, तर ‘मुलाला’बरोबर ‘मुलगा’ येईल, तो कदाचित हवाही असेल. पण ‘मुलूख’, ‘मुलाखत’, ‘मुलायम’ आणि ‘मुलामा’ही येतील. ‘पाण’ टंकावे तर ‘पाण्यात’ आणि ‘पाणवठा’ यांच्यामागून ‘कृपाण’ येईल.

सामान्यरूप हा विषय आपण शाळेत शिकतो, बी.ए.ला व्याकरणाच्या प्रश्नपत्रिकेत पुन्हा भेटतो, आणि परीक्षेनंतर विसरतो. दादोबा पांडुरंगांचे व्याकरण १८३६ सालचे आणि मोरो केशव दामले यांचे ‘शास्त्रीय मराठी व्याकरण’ १९११ सालचे. संगणकाच्या कितीतरी आधीच्या या ग्रंथांतील रूपविचाराची शोधपेटीपुढे बसलेल्या अभ्यासकाला जितकी गरज आहे तितकी पूर्वी कोणाला क्वचितच लागली असेल. व्याकरणाचा तास रुक्ष वाटतो अशी तक्रार करणाऱ्या विद्यार्थ्याला आम्ही आता हेच सांगतो : तुझ्या आवडत्या कवीचा एक शब्द शोधून दाखव.

प्रमाणभाषेपलीकडे गेले की गुंता वाढतो. ग्रामीण कथा-कादंबऱ्यांत निवेदक पुष्कळदा प्रमाणमराठीत ‘उन्हात’ म्हणतो आणि पात्रे ‘उनात’ म्हणतात. अभ्यासकाने शहाणपणाने ‘उन्ह’ हे रूप धरून शोध घेतला तरी त्याला निवेदकाचे ऊन मिळेल, पात्रांचे मिळणार नाही. ज्या वाङ्मयाचा अभ्यास आपण बोलीसाठी करतो, त्यातली बोलीच आकड्यातून वगळली जाईल. ही गोष्ट केवळ तांत्रिक म्हणता येईल का? कोणाचा आवाज मोजला जातो, हा प्रश्न आपल्या समीक्षेत गेली कित्येक दशके विचारला जात आहे. तो शोधपेटीलाही विचारला पाहिजे.

काळाचे पाऊल मागे टाकले की लेखनपद्धती आड येते. महाराष्ट्र शासनाने साहित्य महामंडळाचे लेखनविषयक नियम १९६२ साली मान्य केले, त्यानंतर अनुच्चारित अनुस्वार लेखनातून गेले. त्यापूर्वीच्या मुद्रित पुस्तकांत एकवचनीही ‘घरांत’, ‘उन्हांत’, ‘लक्षांत’ अशी रूपे आहेत. हरिभाऊ आपट्यांच्या काळातील संहितेत आजच्या पद्धतीने ‘घरात’ शोधणाऱ्याला घर सापडणार नाही; आणि ‘घरांत’ सापडले म्हणजे तेथे अनेक घरे आहेत असे मानणाऱ्याची दुहेरी फसगत होईल. सावरकरांनी पुरस्कारलेल्या लिपिसुधारणेनुसार छापलेल्या मजकुरात हेच ऊन ‘अून’ आणि ‘अुन्हात’ होते. आजच्या पुनर्मुद्रणांत हे सारे सरसकट आजच्या नियमांनुसार बदललेले असते, आणि ते बदलले आहे असे सांगणारी एक ओळही पुष्कळदा नसते. मग आपण शोध घेतो तो लेखकाच्या संहितेत की मुद्रितशोधकाच्या?

याखेरीज डोळ्यांना न दिसणारे भेद आहेत. ‘दुःख’ या शब्दात विसर्गाच्या जागी पुष्कळ टंकलेखक कोलन टाकतात. कागदावर दोन्ही सारखीच दिसतात. संगणकाच्या दृष्टीने कोलन हे विरामचिन्ह, त्यामुळे तेथे शब्द संपतो. कोलन टंकलेल्या संग्रहात ‘दुःख’ शोधणाऱ्याला तो कवी कमालीचा सुखी वाटेल. ‘वाऱ्यावर’, ‘दुसऱ्या’ यांतील अर्धा ‘र’ दोन वेगवेगळ्या वर्णक्रमांनी टंकता येतो. दोन्ही छापील रूपे सारखीच, पण एक टंकून दुसरे शोधले तर सहसा सापडत नाही. ‘ॲ’ हे अक्षर यूनिकोडमध्ये स्वतंत्र स्थान मिळवून आले ते २००८ साली. तत्पूर्वीच्या मजकुरात ते ‘अ’ आणि त्यावर चंद्र असे दोन भागांचे आहे. ओवी-अभंगांच्या संहितेत आणखी एक अडचण. एडिटरच्या विरामचिन्हांच्या यादीत दंड नसेल, आणि चरणान्ती दंड शब्दाला चिकटवून टंकलेला असेल, तर त्या चरणाचा शेवटचा शब्द ‘पूर्ण’ ठरत नाही. चरणान्ती काय असते हे आमच्या वाचकांना सांगायला नको. यमकाचे शब्दच शोधातून गळतात.

आणि ज्या मोकळ्या जागेच्या भरवशावर हा सगळा शोध उभा आहे, ती जागा तरी लेखकाची असते का? जुन्या मराठी पोथ्या सलग लिहिलेल्या आहेत. मोडीतील कागदपत्रांतही शब्द तोडून लिहिण्याची रीत नव्हती. छापील ज्ञानेश्वरीत किंवा बखरीत दोन शब्दांमध्ये दिसणारी जागा संपादकाने पाडलेली आहे. ती पाडताना त्याने अर्थ लावलेला आहे. दोन संपादक एकाच ओळीत वेगळ्या ठिकाणी जागा सोडू शकतात, आणि मग दोन प्रतींत दोन वेगळे शब्द ‘सापडतात’. पदच्छेद हाच अर्थनिर्णय असतो.

ही जाणीव आपल्या परंपरेला नवी नाही. ऋग्वेदाच्या संहितापाठाशेजारी पदपाठ रचला गेला. तो शाकल्याच्या नावावर आहे आणि शाकल्याचा उल्लेख पाणिनीने केला आहे. संधी सोडवायचे, प्रत्येक पद सुटे करायचे, समासाचे घटक अवग्रहाने वेगळे दाखवायचे, इतकेच नव्हे तर ‘भिस्’, ‘भ्यस्’, ‘सु’ यांसारखे काही विभक्तिप्रत्ययही अवग्रहाने तोडून दाखवायचे, असे ते काम आहे. शब्द कोठे सुरू होतो, कोठे संपतो आणि प्रत्यय त्याच्या आत धरावा की बाहेर, हे प्रश्न तेव्हाच विचारले गेले होते. पाणिनीच्या मते पद म्हणजे प्रत्ययान्त रूप. प्रत्ययाविना असलेले प्रातिपदिक वाक्यात वावरू शकत नाही. म्हणजे त्या हिशेबाने ‘उन्हात’ हेच पूर्ण पद, आणि कोशात बसलेले ‘ऊन’ हे आपण त्यातून काढलेले. शोधपेटीची समजूत नेमकी उलटी आहे.

पाश्चात्त्यांकडेही संगणकाने ही चर्चा संपवली नाही, उलट तिला धार आणली. रोबेर्तो बुसा या जेझुइट धर्मगुरूंनी संत थॉमस अक्वायनसच्या लेखनाची संपूर्ण शब्दसूची यंत्राच्या साहाय्याने करायला घेतली. १९४९ साली ते न्यूयॉर्कला जाऊन आयबीएमचे प्रमुख थॉमस वॉटसन यांना भेटले. सुमारे तीस वर्षांनी हे काम छापून पूर्ण झाले, तेव्हा त्याचे ५६ खंड झाले होते. त्यात प्रत्येक लॅटिन रूप त्याच्या मूळ शब्दाखाली लावलेले आहे, आणि मोठा श्रमभाग त्यातच खर्ची पडला. पण आम्हांला महत्त्वाचे वाटते ते त्यापूर्वीचे. बुसांच्या प्रबंधाचा विषय अक्वायनसच्या विचारातील ‘उपस्थिती’ ही संकल्पना हा होता. ‘उपस्थित’, ‘उपस्थिती’ या अर्थाचे शब्द त्यांनी तपासले, तेव्हा त्यांच्या ध्यानात आले की विचाराचे खरे सूत्र त्या नामांत नसून ‘इन्’ या शब्दयोगी अव्ययात आहे : अमुक तमुकाच्या आत असणे. मग त्यांनी ‘इन्’ची वाक्ये हाताने हजारो पत्त्यांवर उतरवून काढली.

आता अशी कल्पना करावी, की एखादा मराठी अभ्यासक संतवाङ्मयातील ‘आत असणे’ या कल्पनेचा असाच शोध घेऊ पाहतो. मराठीत बुसांचे ‘इन्’ कोठे आहे? ते ‘मनात’, ‘घरात’, ‘देहात’ यांच्या शेवटी चिकटलेल्या ‘त’मध्ये आहे, ‘घरी’, ‘दारी’, ‘अंतरी’ यांच्या दीर्घ ‘ई’मध्ये आहे, जुन्या मराठीत नुसत्या अनुस्वारातही आहे. पूर्ण शब्दाच्या शोधाला त्यातले काहीच दिसणार नाही. एखाद्या वाङ्मयातील मध्यवर्ती कल्पना व्यक्त करणारे भाषेचे अंगच ज्या साधनाला अदृश्य आहे, त्या साधनाने दिलेल्या आकड्यावर त्या वाङ्मयाविषयी बोलणे धाडसाचे आहे.

या म्हणण्यावर दोन बाजूंनी आक्षेप येतात. काही ज्येष्ठ सहकारी म्हणतात, मुळात शब्द मोजायचेच कशाला? समीक्षा म्हणजे हिशेबवही नव्हे. आम्हांला हे पटत नाही. ‘ही प्रतिमा वारंवार येते’, ‘हा कवी हा शब्द क्वचितच वापरतो’, ‘सातत्याने आढळते’, अशी विधाने आपण सारेच करतो. ‘वारंवार’ आणि ‘क्वचित’ हेही आकडेच आहेत, न मोजलेले. मोजून पाहिले तर त्यातले काही टिकतील, काही पडतील, आणि पडलेले बरे. दुसरीकडे तरुण मित्र म्हणतात, आता रूपे ओळखणारी साधने मराठीसाठीही होत आहेत, भाषिक प्रतिमाने आली आहेत, थोडे थांबा, प्रश्न आपोआप सुटेल. साधने सुधारतील यात शंका नाही. पण ‘उन्हाळा’ हा उन्हाच्या हिशेबात धरावा का? ‘ऊन ऊन भात’ धरावा का? ‘उन्हात केस पांढरे झालेले नाहीत’ या वाक्प्रचारातले ऊन हे ऊन आहे का? याचे उत्तर अभ्यासाच्या प्रश्नावर अवलंबून आहे. उष्म्याचा अभ्यास करणारा भात आत घेईल, प्रकाशाचा अभ्यास करणारा बाहेर ठेवील. हा निर्णय कोणतेही साधन आपल्या वतीने घेऊ शकत नाही. ते फक्त तो लपवू शकते.

मग करावे काय? आमच्या मते चार साध्या गोष्टी. पहिली, शब्दाचा आकडा देणाऱ्याने त्याबरोबर शोधलेल्या रूपांची यादी द्यावी. ‘ऊन’साठी ती अशी होईल : ‘ऊन’ हे पूर्ण शब्द म्हणून, ‘उन्ह’ हे शब्दारंभी, बोलीसाठी ‘उन’ हे शब्दारंभी, आणि त्यातून ‘उनाड’सारखे शब्द हाताने गाळून, जुन्या छपाईसाठी ‘अून’ आणि ‘अुन्ह’. मग सापडलेले प्रत्येक स्थळ वाक्यासकट वाचायचे. दुसरी, आवृत्ती आणि साधन यांची नोंद व्हावी. कोणत्या साली छापलेली प्रत, तिचे शुद्धलेखन बदललेले आहे की नाही, आणि शोध कशात घेतला. तिसरी, शून्य हा पुरावा मानू नये. किमान एक प्रकरण पेन्सिल घेऊन हाताने वाचावे, खुणा कराव्यात, आणि त्याच प्रकरणापुरता यंत्राचा आकडा त्याशी ताडून पाहावा. दोन्ही जुळले तरच पुढच्या प्रकरणांवर विश्वास ठेवावा. चौथी, जे कोणी जुनी पुस्तके संगणकावर आणत आहेत त्यांनी मूळ लेखन जसेच्या तसे जपावे, आणि शोधासाठी एकसारखी केलेली प्रत वेगळी ठेवावी. अनुस्वार पुसणे सोपे असते. ते कोठे होते हे नंतर कळणे अवघड.

यातली कोणतीही गोष्ट करायला प्रोग्राम लिहिता यावा लागत नाही. लागते ते सामान्यरूपाचे ज्ञान, लेखनपद्धतीच्या इतिहासाची जाण आणि बोलींचा परिचय. म्हणजे मराठीच्या एम.ए.ला जे शिकवले जाते तेच. हे काम संगणकवाल्यांचे, असे म्हणून मराठी विभागांनी हात झटकणे म्हणूनच आम्हांला मान्य नाही. ‘मुलाखत’ला ‘मुला’चे रूप समजू नये, आणि ‘उन्हात’ला ‘ऊन’च समजावे, हे सांगण्याचा अधिकार आणि पात्रता दोन्ही आपल्याकडे आहेत. पुढच्या वेळी एखाद्या प्रबंधात ‘एकदाही येत नाही’ असे वाक्य दिसले, तर मार्गदर्शकांनी एवढेच विचारावे : कोणकोणती रूपे शोधलीत? उत्तरादाखल यादी आली तर वाक्य राहू द्यावे. न आली तर ‘बहुधा’ परत घालावे, आणि विद्यार्थ्याला पुस्तक परत वाचायला सांगावे.